मी तिथं रडले नव्हते

फोन सकाळी पावणेआठला आला. नंबर सेव्ह नव्हता. पलीकडून बाईचा आवाज. "मॅडम, ते पिक्चर काल आमच्याकडं दाखवलं. समाजमंदिरात. छान झालंय. पण एक सांगायचं होतं. मी तिथं रडले नव्हते."

"कुठे?" मी विचारलं. विचारतानाच मला कळलं होतं कुठे ते.

"मालकाचं बोलताना. मालकासाठी मी नाही रडले. पोरीसाठी रडले होते. आता गावातल्या बाया म्हणायल्यात, बघ, मनातून माया होतीच."

मी डॉक्युमेंटरी फिल्म्स एडिट करते. गेली काही वर्षं छोट्या फिल्म्सची निर्मातीही मीच असते. ही चौदा मिनिटांची फिल्म नवऱ्यांनी आत्महत्या केल्यानंतर एकट्याने शेती सांभाळणाऱ्या बायकांवर होती. पैसे एका संस्थेने दिले होते. गाव मराठवाड्यातलं, एवढंच सांगते. ओळख पटेल असे दोन-तीन तपशील मी बदलले आहेत. हे लिहू का, असंही तिला विचारलंय. "लिहा, पण नाव नको," म्हणाली.

मी नेमकं काय केलं होतं ते सांगते, कारण ते कळल्याशिवाय पुढचं काही कळणार नाही. तिची मुलाखत एक तास पन्नास मिनिटांची होती. अठराव्या मिनिटाला ती नवऱ्याबद्दल बोलते. सकाळी औषध घेतलं, दवाखान्यात नेईपर्यंत संपलं होतं, सोसायटीचं कर्ज होतं, सावकाराचं वेगळं होतं. बाजाराची यादी सांगावी तशा आवाजात. चेहऱ्यावर काही नाही. मग एक तास बारा मिनिटांवर विषय निघतो मुलीचा. मुलगी नर्सिंगला लागली, पहिल्यांदा एसटीत बसून गेली, खिडकीतून हात दाखवला. इथे तिचे डोळे भरतात. ती पदर तोंडाला लावते आणि बाहेर बघते.

मी अठराव्या मिनिटाचा आवाज घेतला. "दवाखान्यात नेईपर्यंत संपलं होतं." त्यावर तीन सेकंद वाळलेल्या बोंडांचं शेत दाखवलं. आणि मग बाहत्तराव्या मिनिटाचा चेहरा. पदर, डोळे, खिडकी. त्याच जागी, त्याच साडीत, त्याच उजेडात. सांधा दिसत नाही. पुण्यात पहिल्यांदा फिल्म दाखवली तेव्हा त्या जागी हॉलमध्ये कुणीतरी नाक ओढलं, आणि मला बरं वाटलं. खोटं कशाला बोलू, चांगलंच बरं वाटलं.

मी तिच्या तोंडी एकही खोटा शब्द घातला नव्हता. शब्द तिचे, अश्रू तिचे, घर तिचं. एकेक तुकडा तपासला तर सगळं खरं. आमच्या धंद्यातली खरी अडचण हीच आहे. बातमीत खोटं असलं तर खोटं वाक्य बोटाने दाखवता येतं. एडिटमध्ये खोटं कुठल्याच तुकड्यात नसतं. ते दोन तुकड्यांच्या मधल्या फटीत असतं, आणि तिथे तर काहीच नसतं.

सिनेमा शिकणाऱ्या प्रत्येकाला पहिल्या महिन्यात कुलेशोव्हची गोष्ट सांगतात. शंभरेक वर्षांपूर्वी रशियात त्याने मोझ्झुखिन नावाच्या नटाचा निर्विकार चेहरा घेतला आणि तो एकदा सूपच्या वाडग्याशेजारी, एकदा शवपेटीशेजारी, एकदा एका बाईशेजारी जोडला. प्रेक्षकांना एकाच चेहऱ्यात भूक, दुःख आणि वासना दिसली. वर्गात आम्ही सगळे खूश झालो होतो. केवढी ताकद आहे आपल्या हातात! तेव्हा कुणी असं विचारलं नाही की चेहऱ्याच्या मालकाचं यावर काय म्हणणं आहे. मोझ्झुखिन नट होता, चेहरा उसना देणं हाच त्याचा धंदा. माझ्या फिल्ममधली बाई नट नव्हती.

फोनवर मी तिला आधी समजावू लागले. वेळ कमी असतो, बघणाऱ्याला तुमचं दुःख पोचावं म्हणून करावं लागतं, वगैरे. आमच्याकडे यासाठी एक भारदस्त शब्द आहे, भावनिक सत्य. म्हणजे घडलं अगदी तसंच नसेल, पण आतून तसंच आहे. ती शांतपणे ऐकत राहिली. मग म्हणाली, "पण आतून तसं नव्हतं ना."

तसं नव्हतं हे मला माहीत होतं. ही गोष्ट मला त्या दिवशी आणि नंतर अनेक दिवस टोचत राहिली. मुलाखतीच्या एकतिसाव्या मिनिटाला तिने सांगितलं होतं की नवरा मारायचा. दारू पिऊन नव्हे, शुद्धीत. तो गेला त्या दिवशी बायकांनी तिला रडवायचा प्रयत्न केला, रडली नाही तर छातीत दुखतं म्हणून. ती रडली नाही. तिने ठरवलं होतं. दोन वाक्यांत सांगून ती पुढे कापसाच्या भावावर गेली होती. मी ते ट्रान्सक्रिप्टमध्ये टाइप केलं, पिवळ्या रंगाने खूण केली आणि बाजूला ठेवलं. फिल्म कर्जाबद्दल होती. मारणारा नवरा आत आणला की प्रेक्षक गोंधळतो, सहानुभूती कुणाला द्यायची ते कळत नाही, संस्थेचे लोकही कुरकुरतात. म्हणून ते बाहेर राहिलं. अश्रू मात्र हवे होते, म्हणून ते पुढे आले.

म्हणजे त्या बाईने आयुष्यात एक गोष्ट निग्रहाने केली होती. सगळं गाव रडायला सांगत असताना ती रडली नव्हती. आणि मी पुण्यातल्या एका खोलीत बसून, तीन सेकंदांच्या शेताच्या आडून, तिला रडायला लावलं.

*

एडिटरचं आयुष्य विचित्र असतं. फिल्ममधल्या माणसांना आम्ही बहुतेक वेळा भेटलेलोच नसतो, पण त्यांच्या घरच्यांनी ऐकलं नसेल इतकं त्यांना ऐकलेलं असतं. एकच वाक्य चाळीस वेळा. कुठल्या शब्दाआधी तो माणूस श्वास घेतो, खोटं बोलताना त्याचा कुठला हात हलतो, सगळं पाठ होतं. एकदा रेल्वे स्टेशनवर मला माझ्या एका फिल्ममधले आजोबा दिसले आणि मी ओळखीचं हसून हात केला. त्यांनी मागे वळून पाहिलं, मी कुणाला हात करतेय ते बघायला. ते मला कसे ओळखणार? आमची ओळख एकतर्फी. त्यांची प्रत्येक अडखळ माझ्या हार्ड डिस्कवर, आणि त्यांना माझं नावही माहीत नाही.

दिग्दर्शकाला निदान त्यांच्या घरचा चहा प्यालेला असतो. उद्या परत त्या दारात जायचं आहे, याची थोडी लाज त्याला असते. एडिटरला ती लाज नसते, आणि शिकवतानाही हा आमचा गुण म्हणूनच सांगितला जातो. एडिटर अलिप्त हवा, शूटिंगला किती त्रास झाला हे त्याला माहीत नसलेलं बरं, पडद्यावर दिसेल तेवढंच त्याने बघावं. फिल्मच्या दृष्टीने हे खरंच उपयोगी आहे. माणसांच्या दृष्टीने किती, हा प्रश्न मी बरीच वर्षं माझा मानलाच नाही. दिग्दर्शकाची फिल्म, दिग्दर्शकाचा निर्णय. मी आपली कापणारी.

मग मी निर्माती का झाले? आता हसू येतं, पण कारण नैतिक होतं. स्वतंत्र एडिटरचं पोट डॉक्युमेंटरीवर चालत नाही. चालतं ते कंपन्यांच्या सीएसआर फिल्म्सवर, लग्नांवर, कोचिंग क्लासच्या जाहिरातींवर. पैसे उशिरा येतात, कधी येतही नाहीत. त्यातून वेळ काढून आपल्याला पटणारी फिल्म करावी, तर शेवटच्या आठवड्यात पैसे देणारा म्हणतो, हे काढा, ते घाला, शेवट जरा आशादायक करा. असं तीनचारदा झाल्यावर ठरवलं की शेवटचा शब्द आपला हवा. निर्माता आपणच व्हायचं. झाले. आणि शेवटचा शब्द माझा असलेल्या दुसऱ्याच फिल्ममध्ये मी हे केलं. त्या कटसाठी मला कुणी सांगितलं नव्हतं. संस्थेने मला अश्रू मागितले नव्हते. त्या काय मागतील हे मला इतकं पाठ झालं होतं की मागायची गरजच उरली नव्हती.

स्वतःच दिग्दर्शक, स्वतःच निर्माता, स्वतःच एडिटर, असं आयुष्य काढलेल्यांत फ्रेडरिक वाइजमनचं नाव पहिलं घ्यावं लागतं. अमेरिकेत तो आधी कायदा शिकवायचा आणि विद्यार्थ्यांना मॅसॅच्युसेट्समधल्या ब्रिजवॉटरला न्यायचा. गुन्हेगार ठरलेल्या मनोरुग्णांचा तो तुरुंग. तिथेच त्याने पहिली फिल्म केली, 'टिटिकट फॉलीज', १९६७. पुढे १९७१ पासून स्वतःच्या छोट्या कंपनीतून तो आपल्या फिल्म्स स्वतःच वितरित करू लागला. त्याच्या फिल्म्समध्ये निवेदन नाही, मुलाखती नाहीत, वरून चिकटवलेलं संगीत नाही. जे काही म्हणायचं ते कटमधून. त्या पहिल्या फिल्ममध्ये जेवण नाकारणाऱ्या एका माणसाला नाकातून नळी घालून अन्न देतात. डॉक्टरच्या तोंडात सिगरेट आहे, तिची लांब राख नळीच्या वर लोंबतेय. आणि वाइजमन मध्येमध्ये त्याच माणसाचं प्रेत दाखवतो. मेल्यावर त्याची किती नीट दाढी केली जाते, डोळ्यांवर किती काळजीने कापूस ठेवला जातो. जिवंतपणी मिळाली नाही ती काळजी.

एडिट म्हणून हे जबरदस्त आहे. पण नंतरच्या वर्षांत वाइजमननेच कबूल केलं की तो कट जरा जास्तच ठासून केलेला होता. मला हे वाक्य फार धीर देतं. एखाद्या माणसाचं मरण मी माझ्या मुद्द्यासाठी वापरलं का, असं निदान मागे वळून विचारता येतं.

पण या गोष्टीला दुसरी बाजू आहे, आणि ती मला सहजासहजी पश्चात्तापात बुडू देत नाही. ती फिल्म मॅसॅच्युसेट्स राज्याने कोर्टात नेली. कारण दिलं, रुग्णांच्या खासगीपणाचा भंग. कोर्टाने बंदी घातली. पुढे फक्त डॉक्टर, वकील, समाजसेवक, विद्यार्थी अशांना ती बघता येऊ लागली. सामान्य माणसांना मॅसॅच्युसेट्समध्ये ती खुली झाली १९९१ मध्ये. चोवीस वर्षं. ज्या राज्याने त्या माणसांना नागडं करून कोठडीत ठेवलं होतं, तेच राज्य त्यांच्या अब्रूचं राखणदार बनून आलं. म्हणजे 'ज्याचा चेहरा त्याची परवानगी' एवढं एकच तत्त्व हातात धरून बसलं, तर त्याचा पहिला फायदा कुणाला होतो ते दिसलं.

आपल्याकडे आनंद पटवर्धन यांची गोष्ट सगळ्यांना माहीत असते ती सेन्सॉरशी लढण्याची. 'वॉर अँड पीस'मध्ये सेन्सॉरने एकवीस कट सांगितले होते. त्यांनी एकही केला नाही, आणि २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने फिल्म जशीच्या तशी दाखवायला परवानगी दिली. आम्ही सगळे या निकालावर वाढलो. सरकारची कात्री दिसते, तिच्याविरुद्ध कोर्टात जाता येतं. माझ्या कात्रीविरुद्ध त्या बाईने कुठे जायचं? तिच्याकडे माझा फोन नंबर होता, एवढंच. तोही तिने संस्थेच्या मुलाकडून मागून घेतला होता.

पटवर्धनांच्याच १९८५ च्या 'बॉम्बे अवर सिटी'मध्ये एक प्रसंग आहे. पाडलेल्या झोपड्यांमधली एक बाई चिडून थेट कॅमेऱ्यावरच्या माणसाला बोलते. गरिबांचे फोटो काढता, नाव तुमचं होतं, आम्हाला काय मिळतं, असा तिचा सूर. तिच्या बोलण्याला उत्तर नाही, आणि तो प्रसंग फिल्ममध्ये आहे. दिग्दर्शक, निर्माता आणि एडिटर एकच माणूस असताना तो सहज काढता आला असता. कुणाला कळलंही नसतं.

विद्यार्थीदशेत मी हा प्रसंग बघून भारावले होते. आता एक शंका येते. आपल्यावरचा आरोप फिल्ममध्ये ठेवला की फिल्म आणखी प्रामाणिक वाटते, म्हणजे शेवटी तोही फिल्मच्याच कामी येतो. त्या बाईचा राग तिच्या घराला उपयोगी पडला नाही, फिल्मला पडला. पण या शंकेचं पुढे काय करायचं? प्रसंग काढून टाकायचा? ते तर उघडच वाईट. ठेवला तरी ऋण फिटत नाही, एवढंच म्हणता येतं.

आणि ऋण हा शब्द मी उगाच वापरत नाही. त्याच फिल्ममध्ये विलास घोगरे गातात. १९९७ च्या जुलैमध्ये घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं गेली आणि काही दिवसांत घोगरेंनी स्वतःला संपवलं. तिथून 'जय भीम कॉम्रेड' सुरू होते आणि पूर्ण व्हायला चौदा वर्षं लागतात. आधीच्या फिल्ममधला गाणारा माणूस पुढच्या फिल्मचं कारण होतो. त्याचं जुनं गाणं नव्या फिल्ममध्ये येतं आणि त्याला विचारायची सोय आता नाही. जुन्या फुटेजमधला माणूस संपत नाही, हे मला या फिल्मने शिकवलं. माझी चौदा मिनिटांची फिल्म संपल्यावर मी हार्ड डिस्कवर तारीख लिहून ती कपाटात टाकली होती.

*

मग करायचं काय? दाखवायचं, हे सगळ्यात सरळ उत्तर. फ्रान्समध्ये ज्याँ रूश आणि एद्गार मोरँ यांनी १९६१ मध्ये 'एका उन्हाळ्याची बखर' म्हणता येईल अशी फिल्म केली. तिच्या शेवटी फिल्ममधलीच माणसं बसून फिल्म बघतात आणि मग भांडतात. कुणी म्हणतं, हे खोटं वाटतं, नाटकी आहे. कुणी म्हणतं, हे इतकं खरं आहे की दाखवणंच अशोभनीय आहे. एकाच प्रसंगात काहींना खोटेपणा दिसतो आणि काहींना नको इतका उघडेपणा. ते भांडण त्यांनी फिल्ममध्येच ठेवलं.

आपल्याकडे उलटं घडलेलं ताजं उदाहरण 'रायटिंग विथ फायर'चं. बुंदेलखंडात 'खबर लहरिया' चालवणाऱ्या दलित बायकांवरची ही फिल्म ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेली. आणि मार्च २०२२ मध्ये, सोहळ्याच्या काही दिवस आधी, त्या बायकांनीच निवेदन काढून सांगितलं की फिल्म प्रभावी आहे, पण आमचं काम एकाच पक्षाभोवती फिरतं असं जे चित्र उभं राहतं ते आम्ही नव्हे. दोन्ही बाजू मला समजतात. चारेक वर्षांचं फुटेज दीड तासात बसवताना काय होतं ते मी रोज बघते. काय ठेवायचं हे ठरवायचा हक्क दिग्दर्शकांचा होता, हेही मानते. पण दुसऱ्या दिवशी त्या जिल्ह्यात बातमीसाठी कुणाच्या दारात जायचं होतं? फिल्म करणाऱ्यांना नव्हे. फरक असा की त्या बायका पत्रकार होत्या, निवेदन लिहिणं त्यांचं रोजचं काम होतं. म्हणून जगाला कळलं.

दाखवायला हवं हे मान्य. पण कुणाला? फिल्ममध्ये सावकारही असतो, तहसीलदारही असतो. त्यांनाही फायनल कट दाखवून नापसंत ते काढू द्यायचं? मग फिल्म करूच नये. मी आता माझ्यापुरता एक ढोबळ हिशेब ठेवलाय. ज्याला माझ्या फिल्मविरुद्ध वकील लावता येतो, त्याला फिल्म बाकीच्यांबरोबर बघू दे. ज्याला फक्त फोन करता येतो, त्याला आधी दाखवायची. हा नियम भोंगळ आहे, मला माहीत आहे. गावात सगळे या दोन खणांत नीट बसत नाहीत. सरपंचाची सासुरवाशीण कुठल्या खणात?

त्या बाईच्या बाबतीत तरी वाटलं होतं की सोपं आहे. खरं ते लावायचं. मी लॅपटॉप घेऊन तिच्याकडे गेले. पहिल्यांदाच भेटत होतो आम्ही, शूटिंगला दुसरे लोक गेले होते. मला तिच्या चुलीची जागा, भिंतीवरचा आरसा, सगळं माहीत होतं. तिने मला आधी नीट न्याहाळून घेतलं. मग चहा, मग भुईमुगाच्या शेंगा. मी तिला नवा कट दाखवला. त्यात अश्रू मुलीच्या जागी परत गेले होते आणि एकतिसाव्या मिनिटाची ती दोन वाक्यं आत आली होती. मला वाटलं होतं, ती म्हणेल, आता कसं.

ती म्हणाली, "हे मारायचं काढा."

"पण ताई, खरं आहे ना ते? त्याच्यामुळे कळतं, तुम्ही का नाही रडलात ते."

"खरं आहे. पण पोरीचं लग्न करायचंय मला. आणि ते गेलेत आता. त्यांना काय उत्तर देता येतंय का?"

माझ्या मनात हा मुद्दा आलाच नव्हता. ज्याला फक्त फोन करता येतो त्याची काळजी करताना ज्याला फोनही करता येत नाही असा एक माणूस फिल्ममध्ये होता, आणि त्याची आठवण मला त्याने मारलेल्या बाईने करून दिली. मी थोडा वाद घातला. अजूनही मला वाटतं की ते असायला हवं होतं. कर्जाच्या फिल्म्समधले नवरे नेहमी सज्जनच का असतात, हा प्रश्न कुणीतरी विचारायला हवा. पण त्याची किंमत तिच्या मुलीने का मोजावी, याला माझ्याकडे उत्तर नव्हतं.

तिथेच ओट्यावर बसून मी ती दोन वाक्यं काढली. आता फिल्ममध्ये ती म्हणते, दवाखान्यात नेईपर्यंत संपलं होतं, आणि चेहऱ्यावर काही नाही. चार सेकंद काहीच होत नाही. मग ती कापसाचा भाव सांगते. बघणाऱ्याला कारण कळत नाही. पुण्यात एका मुलीने स्क्रीनिंगनंतर मला विचारलं, त्या इतक्या थंड कशा? मी म्हटलं, त्यांनाच माहीत.

ओट्यावर मी तिलाही सांगितलं होतं, की असं ठेवलं तर लोकांना तुम्ही दगडाच्या वाटाल. तिने शेंगांची टरफलं गोळा करत म्हटलं, "वाटू द्या."

नवा कट तेरा मिनिटं वीस सेकंदांचा आहे. संस्थेने यूट्यूबवर आता तोच ठेवलाय, थोड्या पत्रव्यवहारानंतर. पण जुना कट समाजमंदिरातल्या त्या दिवशी पेनड्राइव्हवर गेला होता, तो कुणीतरी मोबाइलवर घेतला, आणि त्यातला तेवढाच तुकडा कापून ठेवला. पदर, डोळे, खिडकी. तिचा धाकटा दीर दरवर्षी भावाच्या श्राद्धाच्या दिवशी तो स्टेटसला लावतो. यंदाही लावला. तिनेच मला स्क्रीनशॉट पाठवला, खाली काही लिहिलं नव्हतं.